आपल्या हातांनी उचलेल तेवढं

आमच्या घरात पिशवी टाकून द्यायची रीत नव्हती. पेडण्याचं जुनं घर दुरुस्तीला काढलं तेव्हा माळ्यावरून भांडी कमी आणि पिशव्याच जास्त खाली आल्या. थोरल्या काकांचा पट्ट्यांचा होल्डॉल, पत्र्याच्या दोन ट्रंका, चेन गेलेली रेक्झिनची एअरबॅग, कुणाचा तरी एनसीसीचा खाकी पिट्ठू, शबनम झोळ्यांचा एक गठ्ठा आणि भावाची ती प्रसिद्ध कॅनव्हासची सॅक. आम्ही सख्खी-चुलत भावंडं वसरीवर बसून एकेक वस्तू ओळखत होतो, आणि प्रत्येकीबरोबर कोण कुठे गेलं, काय विसरलं, कुणाचा खांदा सोलला हे निघत होतं. आजीचं मात्र त्यात काहीच नव्हतं. असणार कसं? इतका प्रवास केलेली ती घरातली एकमेव बाई, पण तिच्याकडे पिशवीच नव्हती. आजोबांचं एक जुनं धोतर होतं. वारीहून परत आली की ते धुऊन दांडीवर जाई, आणि दुसऱ्या दिवसापासून त्यावर पोहे वाळत घातले जात.

आम्हाला आठवते ती आजीची वारी कार्तिकीची. आषाढीला आमच्याकडचा शेतकरी चिखलात उभा असतो, लावणी अर्ध्यावर असते, तेव्हा घर सोडून जाणार कोण? दिवाळीपर्यंत भात कापून, मळून कणगीत गेलेलं असे. नरकचतुर्दशीच्या पहाटे नरकासुर जळाला, कारीट फोडून झालं, गुळाचे, दह्याचे, रसाचे पोहे पोटात गेले की वारीला जाणारी पाच-सात माणसं देवाला नारळ ठेवून निघत. पत्रादेवी, बांदा, सावंतवाडी, दाणोलीवरून आंबोलीचा घाट, मग आजरा, गडहिंग्लज, संकेश्वर, मिरज, सांगोला करत दशमीला पंढरपूर. तीनशे किलोमीटरच्या वर वाट, आणि ती बारा-तेरा दिवसांत संपवायची. त्या हिशेबात एक शेर जास्तीचा घेतला तरी तो रोज दहा-बारा तास आपल्याला घेऊन चालावा लागतो, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

वसुबारसेच्या संध्याकाळी ती वसरीवर घोंगडी पसरी. त्यावर एक लुगडं, एक चोळी, पंचा, पितळी तांब्या, फडक्यात बांधलेले पोहे, गुळाचा खडा, सुक्या खोबऱ्याची चटणी, मूठभर सोलं, सुंठेचं एक कुडकं, सुई-दोरा आणि खोबरेल तेलाची चपटी बाटली. हे तेल केसांना, तेच पायांच्या भेगांना आणि मुक्कामाला देवापुढच्या पणतीलाही. सगळं मांडून झालं की ती उठून जाई. दुसऱ्या दिवशी येऊन त्यातलं काढायला बसे. आम्हा पोरांना हा भाग फार आवडे, कारण काढलेला गूळ आमच्या वाट्याला येई. हरिपाठाची पोथी पहिल्याच फेरीत बाहेर. ‘पाठ आहे,’ एवढंच कारण. फणी सोबतच्या बाईकडे आहे, म्हणून बाहेर. चटणीची बरणी बाहेर, चटणी केळीच्या सुकवलेल्या पानात. शेजारीण कुणी लाडू घेऊन आली तर आजी एक उचलून तोंडात टाकी आणि बाकीचे तिथेच आम्हाला वाटून म्हणे, ‘पुरो गो, पुरो!’

मग परीक्षा. धोतराच्या चार टोकांना गाठ मारून ते गाठोडं तिने स्वतःच्या दोन हातांनी उचलून, कुणाची मदत न घेता, चुंबळीवर ठेवायचं. ठेवता आलं तर पास. वाटेत उचलून द्यायला कोण असेल-नसेल, हा तिचा मुद्दा. त्यानंतर विहिरीपर्यंत जाऊन यायचं, एक हात मोकळा ठेवून. परत येईपर्यंत मान कुरकुरली तर गाठ पुन्हा सुटे. आज आम्ही त्याच जातीच्या वस्तू गोळा करून स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवल्या तेव्हा घोंगडीसकट पाच-सहा किलो भरले. आजी जेमतेम पंचेचाळीस किलोची असेल. डोंगर चढणाऱ्यांची हल्लीची पुस्तकं सांगतात की पाठीवरचं ओझं आपल्या वजनाच्या पाचव्या हिश्शाच्या आत ठेवावं, दिवसभराच्या भटकंतीला तर दहाव्या. आजी आठव्या हिश्श्यावर होती, आणि तिच्या ओझ्यात अंथरूण-पांघरूण धरलेलं होतं.

घोंगडी हा तिचा एकमेव चैनीचा जिन्नस म्हणावा तर तोही नाही. दोन-सव्वादोन किलोची ती घोंगडी सगळ्यांत जड खरी, पण घाटावरच्या कार्तिकातल्या थंडीची आम्हा खालच्या माणसांना सवय नसते. आंबोली-आजऱ्याला रात्री दात वाजतात. ती घोंगडी रात्री पांघरूण, पहाटे डोक्यावरून घेतलेली खोळ, दुपारी झाडाखालचं बसकण आणि अवेळी सर आली तर छत्री. आमच्या पुतण्याची एक किलोची पिसांची स्लीपिंग बॅग वजनाला तिच्या निम्मी आहे, पण तिच्यावर बसून जेवता येत नाही आणि भिजली तर ती झोपायच्याही कामाची राहत नाही. त्यामुळे तो बसायला वेगळी चटई आणि पावसाला वेगळा पोंचो घेतो. बेरीज करून पाहा.

ही शिस्त आजीने कुठून आणली याबद्दल आमच्यात दोन मतं आहेत. ताई म्हणते, चालण्यातून. भाऊ म्हणतो, गोव्याच्या सीमेवरच्या चौकीवरून. पोर्तुगिजांच्या काळात पत्रादेवीला गाठोडं सोडून दाखवावं लागे. सगळा संसार रस्त्यावर पसरायचा आणि पाखले, म्हणजे पोर्तुगीज शिपाई, काठीने लुगडी वरखाली करणार. ज्याचं सामान मोठं त्याचा वेळ मोठा, आणि अपमानही मोठा. तिची ती एका हिसक्यात सुटणारी गाठ तिथलीच, असं भावाचं म्हणणं. मला दोन्ही पटतं. पुढे १५ ऑगस्ट १९५५ ला त्याच पत्रादेवीला हात रिकामे ठेवून आलेल्या सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या, कर्नैल सिंग तिथेच पडले, आणि सीमा बंद झाली. घरातली वारी खंडली ती १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाल्यानंतरच पुन्हा सुरू झाली. त्या वर्षांबद्दल आजी फारसं बोलत नसे. एकादशीला ती साखळीला जाई.

साखळीला आमची आत्या दिलेली. डिचोली तालुक्यातलं हे गाव वाळवंटीच्या काठचं, आणि नदीपलीकडे कारापूरला राण्यांचं विठ्ठल मंदिर. चैत्रातला तिथला उत्सव अजून गाजतो. ‘दारात विठोबा असताना पंढरपूरपर्यंत पाय कशाला तुडवायचे?’ असं आत्याच्या सासरी कुणी म्हणालं की ती म्हणे, ‘दारातल्याला भेटायला चालावं लागत नाही ना, म्हणून.’ दिवाळीला ती माहेरी येई आणि आईबरोबर वारीला निघे. पण सामानाच्या बाबतीत ती आईची मुलगी नव्हती. तिचं गाठोडं बांधलं की त्यातून एक पितळी डबा, मग एक फुलपात्र, मग सासूने दिलेली देवाची तसबीर असं निघत राही. आजी काही बोलत नसे. विहिरीपर्यंत चालवून आणी. दुसऱ्या खेपेला आत्या स्वतःच तसबीर ठेवून येई.

थोरल्या काकांचं मात्र विहिरीनेही काही चालेना. त्यांना उकडे तांदूळ हवेत. घाटावर गेलं की ज्वारीची भाकरी, आणि फार तर पांढरा सुरय भात. काकांचं म्हणणं, सकाळी पेज पोटात गेल्याशिवाय पाय उचलत नाहीत. बारा दिवसांच्या पेजेचे म्हणून ते तीन-साडेतीन किलो तांदूळ घेऊन निघत, वर एक टोप. गडहिंग्लजपर्यंत ओझं आपोआप कमी होतं, हा त्यांचा युक्तिवाद खराच होता. पण आंबोलीचा घाट गडहिंग्लजच्या आधी येतो.

आता आजीला उगाच देव्हाऱ्यात बसवायला नको. तिचं गाठोडं लहान होतं याचं एक साधं कारण असं की घरात न्यायला जास्त काही नव्हतंच. दोन लुगडी असलेली बाई तिसरं काढून टाकू शकत नाही. डोक्यावरच्या ओझ्याचंही तसंच. १९८६ साली ‘नेचर’ नियतकालिकात केनियातल्या बायकांवरचा एक अभ्यास आला होता. त्या डोक्यावरून किंवा कपाळावरच्या पट्ट्याने आपल्या वजनाच्या पाचव्या हिश्शापर्यंतचं ओझं जादा दम न खर्चता नेतात, असं त्यात दिसलं. पुढे इतरत्र केलेल्या मोजमापांत उत्तर इतकं सरळ आलं नाही. आजीच्या मानेचं उत्तर आम्हाला ठाऊक आहे. म्हातारपणी तिला मान वळवता येत नसे. हाक मारली की ती आख्खी वळे.

आणि दुसरं कारण त्याहून मोठं. तिच्या गाठोड्यात जे नव्हतं ते वाटेवर होतं. बांद्याला आजोळचं कुणी, सावंतवाडीला व्याही, दाणोलीला मठाची पडवी, आजऱ्याला ओळखीच्या वारकऱ्याचा गोठा, पुढे देवळांच्या ओवऱ्या. पाणी तर ती घेऊन चालतच नसे. तांब्या रिकामा, वाटेत विहिरी आणि ओहोळ. सरपण मुक्कामाचं, चूल मुक्कामाची, पहाटे निघताना हातावर भाकरी ठेवणारी बाईही मुक्कामाची. तंबू, शेगडी, इंधन, पाणी ही आजच्या सॅकेतली चार जड नावं. ती सगळी तिच्यासाठी दुसऱ्या कुणीतरी सांभाळून ठेवलेली होती. हेही सांगायला हवं की ती पडवी आणि ती विहीर सगळ्यांना सारखी मोकळी नव्हती. गावाबाहेरच्या वस्तीतून वारीला निघणाऱ्याला तांब्या भरून घ्यावा लागे आणि आभाळाखाली झोपायची तयारी ठेवावी लागे. त्याच वाटेने जाऊनही त्याचं ओझं जास्त असे.

अमेरिकेतल्या एका आजीची गोष्ट वाचली तेव्हा आम्हाला आमची आजी फार आठवली. ओहायोच्या एमा गेटवुड, अकरा मुलांची आई, वय ६७. १९५५ च्या मे महिन्यात त्या तिकडच्या अॅपलाचियन ट्रेलवर एकट्या निघाल्या आणि सप्टेंबरअखेरीस तीन हजार किलोमीटरहून लांब वाट संपवून थांबल्या. म्हणजे पत्रादेवीला गोळ्या चालल्या त्या दिवशी त्या कुठल्यातरी डोंगरात चालत होत्या. पाठीला बांधायची सॅक नाही, तंबू नाही, स्लीपिंग बॅग नाही. डेनिमची घरी शिवलेली एक पिशवी खांद्यावर, त्यात ब्लँकेट आणि पावसाला न्हाणीघरातला प्लॅस्टिकचा पडदा. पायांत कॅनव्हासचे बूट. अती हलकं सामान घेऊन चालणाऱ्यांच्या आजच्या पंथात त्यांना मोठा मान आहे. पण त्यांची हकिकत नीट वाचली तर दिसतं, की त्याही अनेक रात्री वाटेवरच्या लोकांच्या घरी झोपल्या, त्यांच्या टेबलाशी जेवल्या. काही वेळा दार उघडलं नाही तेव्हा पाल्यापाचोळ्यावर.

आमच्या लहानपणी सामान मोजून चालणारी आणखी एक जमात आमच्या वसरीवर येई: दशावतारी. कार्तिकी पौर्णिमा झाली की जत्रा सुरू, आणि एका गावातला खेळ आटोपून मंडळी पायी पुढच्या गावी. मुकुट, गदा, शालू, रंगाच्या डब्या, सगळं वेताच्या पेटाऱ्यात, आणि पेटारा डोक्यावर. रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा, असं लोक त्यांना हसत म्हणत. एकाच शेल्यात रात्री द्रौपदी उभी राही आणि उत्तररात्री तोच शेला कुणा राक्षसाच्या कमरेला. पेटारा मोठा करता आला असता. उचलणारा माणूस मोठा करता येत नव्हता.

आमच्या पिढीचं मात्र काहीतरी उलटं झालं. आम्ही पिशवी आधी आणली. भाऊ कॉलेजात असताना मुंबईहून कुणाकडून तरी ती कॅनव्हासची सॅक मागवली गेली. हिरवी, पितळी कड्यांची, दोन्ही बाजूंना खिसे, वर झाकण. ती घरात आली त्या दिवशी शेजारपाजारचे बघायला आले होते. रिकामीच अडीच किलोच्या आसपास, आणि पावसात भिजली की आणखी किती ते देव जाणे. कमरेचा पट्टा नव्हता, म्हणजे सगळं वजन दोन खांद्यांवर. हल्लीच्या सॅकेत रुंद पट्टा कमरेच्या हाडावर बसतो आणि बहुतेक भार तिथून पायांत उतरतो. म्हणून सॅक घेताना माणसाची उंची न बघता मानेच्या खालच्या मणक्यापासून कमरेच्या हाडापर्यंतची पाठ मोजतात. हे ज्ञान तेव्हा आमच्यापर्यंत पोचलं नव्हतं. सॅक मोठी म्हणजे चांगली.

त्या सॅकेची पहिली सफर पारगडाची. दोडामार्गवरून भेडशी, आणि तिथून वर. मुक्काम एका रात्रीचा. सॅकेत जागा आहे म्हणून ताईने स्टोव्ह दिला. स्टोव्ह आहे म्हणून घासलेटची बाटली, बाटली आहे म्हणून ती गुंडाळायला जुनी चादर. अजून जागा उरली तर काकूंनी नारळ घातले, पारगडावर जणू माड लावायचे होते. शेवटी काकांनी उकड्या तांदळाची पिशवी वरून दाबून बसवली आणि झाकणाचे पट्टे दोघांनी ओढून लावले. सॅक वसरीवरून उचलायला दोघं लागले. आजी तेव्हा अंथरुणाला खिळलेली नव्हती, पण बोलायची कमी झाली होती. तिने सगळं बघितलं आणि विचारलं, ‘परत कधी येणार?’ भाऊ म्हणाला, ‘उद्या.’ ती आत निघून गेली.

भेडशीच्या पुढे ओहोळावर घासलेटची बाटली फुटली. तांदळाला वास लागला तो शेवटपर्यंत गेला नाही. गडावर माणसं राहतात, घरं आहेत, भवानीचं देऊळ आहे, हे आम्हाला वर गेल्यावर कळलं. तिथल्या एका घराने आम्हाला नाचणीची भाकरी आणि कुळथाची पिठी वाढली. स्टोव्ह पेटलाच नाही. तो तसाच खाली आला. नारळ मात्र त्या घरात देऊन आलो, आणि काकूंचं म्हणणं असं की आपण नारळ दिले होते म्हणून तुमची लाज राखली गेली.

आता पुतण्याची पाळी. त्याने हिमालयातल्या एका ट्रेकसाठी साठ लिटरची सॅक घेतली, ते ठीक. चार-पाच दिवस डोंगरात राहायचं तर पन्नास ते पासष्ट लिटर लागतात, एका रात्रीला पस्तीस-चाळीस, आणि सकाळी जाऊन संध्याकाळी परतायचं तर वीस-पंचवीस पुष्कळ. पण तो तीच सॅक वाघेरीच्या डोंगरावर एका दिवसासाठी नेतो आणि तीही भरते. रिकामी जागा बघवत नाही, हा आमच्या घराण्याचा रोग. त्याने वजन कमी करायला दात घासायच्या ब्रशची दांडी अर्धी कापली आहे. दोन पॉवर बँका मात्र शाबूत. आमच्याकडच्या दमट हवेत, फेब्रुवारीनंतर ओहोळ आटलेले असताना, सगळ्यांत जड जिन्नस पाणी. लिटरला किलो. ते कमी करता येत नाही, म्हणून बाकीचं करायचं.

गंमत म्हणजे त्याला वजनाची शिस्त लागली ती मोपाला. ज्या सड्यावर आमच्या लहानपणी गुरं चरत आणि जिथून बायका काट्याकुट्यांच्या मोळ्या डोक्यावरून आणत, तिथे डिसेंबर २०२२ मध्ये विमानतळाचं उद्घाटन झालं, आणि आता एक काटा माणसाच्या सामानाकडे रोखून बघत असतो. हातातलं सात किलो, पोटातलं पंधरा. पुतण्या तिथे उभ्या उभ्या सॅक उघडतो, जॅकेट अंगावर चढवतो, बूट पायांत घालतो, खिशांत कॅमेरा कोंबतो. काट्याला फसवलं, म्हणतो. पाठीला कसं फसवणार, ते त्याला ताईने विचारलं होतं.

गोव्यातून चालत जाणाऱ्या दिंड्यांबरोबर हल्ली टेंपो असतो. अंथरूण, भांडी, औषधं त्यात. पिशव्यांवर नावं आणि गावं मार्करने लिहिलेली. बायका खांद्याला एक लहान झोळी आणि हातात टाळ घेऊन चालतात. आमच्यातले काही नाक मुरडतात. मला त्यात वाईट काही दिसत नाही. पडव्या कमी झाल्या, गोठ्यांची गॅरेजं झाली, मुक्काम ट्रकात भरून सोबत न्यावा लागतो एवढंच. आणि मानेचं हाड शाबूत राहतं.

यंदा पुतण्याच्या डोक्यात आलंय की आम्हा साठी उलटलेल्यांना पारगडावर न्यायचं, त्याच भेडशीच्या वाटेने. त्याने यादी केली: तीन माणसांचा तंबू, गॅसची शेगडी, तयार खाण्याची पाकिटं, चटया. सगळं मिळून माणशी अकरा किलो. ताईने यादी वाचली आणि विचारलं, गडावर फोन लागतो का? लागतो म्हणाला. मग तिने त्यालाच फोन लावायला लावला. दुसऱ्या टोकाला कुणी बाई होती. सहा माणसांचं जेवण होईल म्हणाली, झोपायला देवळाचा सभामंडप आहे, पांघरुणं तेवढी तुमची आणा. तंबू गेला, शेगडी गेली, पाकिटं गेली, चटया राहिल्या. साठ लिटरची सॅक कपाटात परतली आणि प्रत्येकाकडे शाळकरी पोरांच्या दप्तराएवढी एक पिशवी उरली. सगळं ठरलं असं वाटत असताना भाऊ, काकांचाच मुलगा तो, फोन मागून घेऊन बाहेर वसरीवर गेला. तिथे सकाळी पेजेला उकडे तांदूळ मिळतील का, की येताना घेऊन यायचे, एवढंच त्याला विचारायचं होतं.